सिल्विया पिनाल: 'विरिदियाना'च्या आधी काय, नंतर काय? जाणकारांनी सांगा

केतकी_कर्वेनगर

नमस्कार मंडळी, बऱ्याच दिवसांनी लिहितेय. मागच्या रविवारी एका ओळखीच्या ग्रुपने 'विरिदियाना' दाखवला, लुईस बुन्युएल या स्पॅनिश दिग्दर्शकाचा, १९६१ चा, ब्लॅक अँड व्हाइट. आईला पण घेऊन गेले होते. तेव्हापासून त्यातली बाई डोक्यातून जातच नाहीये. सिल्विया पिनाल, मेक्सिकोची नटी. सिनेमात नन होऊ घातलेली मुलगी, शेवटची शपथ घ्यायच्या आधी काकांच्या वाड्यावर चार दिवस राहायला येते आणि तिथून सगळं उलटंपालटं होत जातं.

त्यात एक छोटासा सीन आहे. गोठ्यात गडी तिला दूध काढायला शिकवतोय आणि तिला गाईच्या सडाला हातच लावता येत नाही. हात पुढे जातो, बोटं टेकतात न टेकतात तोच मागे येतात. चेहऱ्यावर धड किळस पण नाही, नुसतं अवघडलेपण, आणि आपण अवघडलोय हे समोरच्याला कळलं म्हणून आलेली लाज. आई जुन्नरकडची, घरी गाईगुरं होती, ती शेजारून हळूच म्हणाली, "शहरातल्या पाहुण्या पोरी आमच्याकडे आल्या की अगदी अश्शाच करायच्या." आईला स्पॅनिशचा एक शब्द येत नाही, सबटायटल्स वाचताना तिची निम्मी वाक्यं सुटत होती, तरी तिला हे पोचलं. मला वाटतं याला अभिनय म्हणतात.

आता मुद्दा. सिनेमाच्या आधी एका गृहस्थांनी प्रस्तावना केली, चांगली वीस-पंचवीस मिनिटं, सगळी बुन्युएलवर. ते ठीकच आहे, मोठा माणूस आहे. पण पिनालबद्दल एकच वाक्य, की दिग्दर्शकाने एका नवख्या सुंदर मुलीकडून हे करून घेतलं. घरी येऊन शोधलं तर बाईंनी तोपर्यंत सिनेमात बारा वर्षं काढलेली! पहिला सिनेमा १९४९ चा. बारा वर्षं काम केलेली बाई नवखी कशी हो? मला खरंच राग आला. तिथेच उठून बोलायला हवं होतं, पण तेव्हा माहीतच नव्हतं.

तर ज्यांनी तिचे इतर सिनेमे बघितलेत त्यांनी प्लीज सांगा, ती आधी काय करायची, नंतर काय केलं, आणि आईबरोबर बसून बघता येईल असं काय आहे. 'विरिदियाना' आईला आवडला पण रात्री तिला झोप लागली नाही.

---

जुना_प्रेक्षक

केतकी, राग आला ते योग्यच झालं. माझं वय आता बहात्तर. ऐंशीच्या दशकात मी एका उन्हाळ्यात फिल्म इन्स्टिट्यूट आणि अर्काइव्हचा तो चित्रपट रसास्वादाचा कोर्स केला, तेव्हापासून हा सिनेमा चार वेळा तरी बघितलाय, आणि प्रत्येक वेळी प्रस्तावना हीच असते, बुन्युएल, बुन्युएल आणि बुन्युएल. अरे पण तो सिनेमा उभा कुणी केला?

पिनालला बुन्युएलबरोबर काम करायचंच होतं, ती त्याच्या मागे होती. गुस्ताव्हो अलात्रिस्ते, ज्याच्याशी तिने त्याच सुमारास लग्न केलं, तो फर्निचरच्या धंद्यातला पैसेवाला माणूस, सिनेमा हा काही त्याचा व्यवसाय नव्हता. त्याने पैसे घातले, बुन्युएलला मोकळा हात दिला, आणि नायिका पिनाल हे ठरलेलंच. म्हणजे दिग्दर्शकाने तिला शोधून काढलं ही गोष्टच उलटी आहे, तीच त्याच्यापर्यंत गेली. आणि पुढे एकामागून एक तीन सिनेमे झाले, 'विरिदियाना', १९६२ चा 'एल आन्हेल एक्स्तेर्मिनादोर' आणि १९६५ चा 'सिमोन देल देसिएर्तो'. तिन्हीत निर्माता अलात्रिस्ते, तिन्हीत पिनाल.

आता शेवटाबद्दल बोलतोय, ज्यांनी बघितला नाहीये त्यांनी हा परिच्छेद सोडून द्या. बुन्युएल स्पेनच्या यादवी युद्धानंतर वीसेक वर्षं देशाबाहेर होता, मेक्सिकोचं नागरिकत्व घेतलेलं, आणि हा सिनेमा करायला तो स्पेनला परत गेला, हुकूमशहा फ्रँको सत्तेवर असताना. त्यावरून त्याला परागंदा झालेल्या स्वतःच्याच मित्रांची बोलणी खावी लागली. स्क्रिप्ट सेन्सॉरकडे गेलं. त्यात शेवटी विरिदियाना काकांच्या मुलाच्या, म्हणजे नात्याने भावाच्या, खोलीचं दार वाजवते, आत जाते, दार बंद होतं. सेन्सॉर म्हणालं हे चालणार नाही. मग बुन्युएलने काय केलं, तर खोलीत आधीच मोलकरीण आहे, रेकॉर्डवर गाणं लागलंय, आणि तिघं पत्ते खेळायला बसतात. सेन्सॉरला हे चाललं! आणि मूळच्यापेक्षा हे कितीतरी जास्त बोलून जातं. पण ते बोलतं कशामुळे? पिनालमुळे. त्याआधी ती आरशाच्या तुकड्यात बघून केस मोकळे सोडते, डोळ्यात पाणी, मग दारात येऊन उभी राहते, भाऊ तिला आत घेतो, हात धरून पत्ते काटायला लावतो. तिची नजर बघ तिथे. हरलेली म्हणावं तर हरलेली नाही, सुटलेली म्हणावं तर तसंही नाही. असं दोन्ही एका चेहऱ्यावर धरून ठेवणं नवख्या मुलीचं काम नव्हे.

पुढचं तर माहीत असेलच. फ्रान्समधल्या कान महोत्सवात पाम द'ओर, म्हणजे तिथलं सर्वोच्च बक्षीस मिळालं, एका फ्रेंच सिनेमाबरोबर विभागून. बक्षीस घ्यायला स्पेनच्या सिनेमा खात्याचे प्रमुख स्टेजवर गेले. मग व्हॅटिकनच्या पेपरने झोड उठवली आणि त्या प्रमुखांची नोकरी गेली. स्पेनमधे सिनेमावर बंदी आली ती फ्रँको गेल्यावर १९७७ ला उठली. मधल्या काळात तो मेक्सिकोचा म्हणून जगभर फिरला, आणि मेक्सिकोचा म्हणायला जी माणसं होती त्यात ही बाई पहिली.

तिने मुलीचं नाव विरिदियाना ठेवलं. ती पण नटी झाली. १९८२ मधे, एकोणीस वर्षांची असताना, मोटार अपघातात गेली. हे कळल्यावर मला तो सिनेमा पुन्हा बघायला बराच काळ धीर झाला नव्हता.

---

शाल्मली_रा

केतकीताई, मी रानडे इन्स्टिट्यूटला स्पॅनिश शिकतेय, दुसरं वर्ष. आमच्या मॅडमनी सांगितलं होतं की ऐकायची सवय करायची तर जुने मेक्सिकन सिनेमे बघा, उच्चार स्वच्छ असतात. म्हणून मी या बाईंना उलट्या बाजूने ओळखते, आधी कॉमेडी बघितल्या आणि मग 'विरिदियाना', आणि बघताना मला सारखं वाटत होतं की अरे ही तर आपली हसवणारी पिनाल, ही इथे काय करतेय!

आईबरोबर बघायचा तर डोळे झाकून 'एल इनोसेन्ते' लावा. १९५६ चा. पेद्रो इन्फान्ते हिरो, म्हणजे तिकडचा सगळ्यात लाडका गाणारा नट. गोष्ट अशी की ३१ डिसेंबरची रात्र आहे, ही श्रीमंताघरची पोरगी एकटी गाडी घेऊन घरच्यांकडे निघालीये, वाटेत गाडी बंद पडते आणि मदतीला येतो मेकॅनिक, ज्याला शब्दकोडी सोडवायचा नाद आहे, इतका की टोपणनावच त्यावरून पडलंय, क्रुसी (शब्दकोडं म्हणजे स्पॅनिशमधे क्रुसिग्रामा). (पुण्यात असता तर सकाळी पेपर आला की आधी पेन शोधला असता.) पार्टी तर हुकलीच, मग दोघं तिच्या घरी नवीन वर्षाचे पेग घेत बसतात आणि तिथेच झोपून जातात, आणि सकाळी दारात आईवडील. लगेच लग्न लावून द्यायचं ठरतं. गोष्ट इतकीच, आपल्याकडे पण अशी नाटकं खंडीभर झाली असतील. पण पिनाल त्यात जी दारू चढत जाते ते करते ना, ते पायरीपायरीने करते, आधी अगदी ताठ, मोठ्या घरची, मग आवाज जरा वर, मग हसू आवरेना, आणि तरी मधेच एकदम आठवतं की आपण मोठ्या घरच्या आहोत, की पुन्हा ताठ. आमच्या वर्गात हा तुकडा दोनदा लावला, शब्द अर्धे कळले नाहीत तरी सगळे हसत होते.

आणि पुढच्याच वर्षी, एप्रिल १९५७ मधे, इन्फान्ते विमान अपघातात गेला. ते माहीत असून बघितलं की गाणी जरा वेगळी ऐकू येतात.

त्याच्याही आधी तिने तिकडच्या दोन्ही मोठ्या विनोदवीरांबरोबर काम केलंय, कान्तिनफ्लास आणि तिन तान. तिन तानबरोबरचा 'एल रे देल बारिओ' १९५० च्या आसपासचा, चाळीतला सिनेमा आहे म्हणा ना, ती त्यात शेजारची साधी मुलगी. तिथे ती फार काही करत नाही, पण तिन तान समोर वाट्टेल ते करत असताना आपण न हसता, न बुजता उभं राहायचं, हे शिकायला तिला याहून चांगली शाळा कुठे मिळाली असती? मला तर वाटतं 'विरिदियाना'त तिचा जो शांतपणा आहे तो इथून आलाय. कॉमेडी करणाऱ्याला कधी थांबायचं ते कळतं.

अजून एक, तिला खरं तर ऑपेरात गायचं होतं. आणि घरून सांगितलं की आधी काहीतरी उपयोगाचं शीक, म्हणून टायपिंग शिकली आणि सेक्रेटरीचं काम पण केलं. माझ्या आज्जीचं पण सेम, गाणं शिकायचं होतं तर आधी टायपिंगच्या परीक्षा द्यायला लावल्या, म्हणून मला हे वाचून एकदम जवळचं वाटलं. फक्त आज्जीचं गाणं राहून गेलं.

---

नितीन_चिंचवड

सगळं मान्य, पण एक वेगळं मत मांडतो, रागावू नका. १९६५ नंतर काय? 'सिमोन' झाला, अलात्रिस्तेशी घटस्फोट झाला, आणि मग टीव्हीवर पुढच्या नवऱ्याबरोबर गाण्याबजावण्याचा शो, मग ती रडारडीची मालिका वीस वर्षं, मग राजकारण, पक्षाकडून खासदार, सिनेटर. मधे एका गव्हर्नरशी लग्न. इतकी ताकद असलेली नटी, वयाच्या पस्तिशीपर्यंत जगातले तीन अव्वल सिनेमे केलेली, आणि पुढची पन्नासेक वर्षं हे? मला तरी हे वाया गेल्यासारखं वाटतं. बुन्युएलवाले तिच्याबद्दल कमी बोलतात त्याचं हे पण एक कारण असेल.

---

शाल्मली_रा

नितीनदादा, रागावले नाही, पण अजिबात पटलं नाही.

ती "रडारडीची मालिका" म्हणजे 'मुहेर, कासोस दे ला विदा रेआल'. १९८५ च्या सप्टेंबरमधे मेक्सिको सिटीत भूकंप झाला, हजारो माणसं गेली, शहर मोडून पडलं, त्यानंतरच्या दिवसांत त्या लोकांच्या खऱ्या गोष्टी सांगायच्या म्हणून हा कार्यक्रम सुरू झाला. मग बायकांच्या गोष्टी येत गेल्या, घरातली मारहाण, टाकून दिलेल्या बायका, मुलांवरचे अत्याचार, ज्यावर तेव्हा तिकडच्या टीव्हीवर कुणी तोंड उघडत नव्हतं. पिनाल सुरुवातीला समोर येऊन थेट प्रेक्षकांशी बोलायची आणि मग गोष्ट सुरू. २००७ पर्यंत चालला. आमच्या मॅडम दोन वर्षं मेक्सिकोत राहिल्यात, त्या सांगतात की तिकडच्या घरमालकीणबाई त्या वेळेला फोन सुद्धा उचलायच्या नाहीत. त्या बाईंना बुन्युएल माहीत नव्हता. पिनाल माहीत होती. याला वाया जाणं कसं म्हणायचं?

आणि नाटक विसरलात. १९५८ ला तिने ब्रॉडवेचं म्युझिकल मेक्सिकोत स्पॅनिशमधे केलं, असं करणाऱ्या अगदी पहिल्या लोकांमधली ती. पुढे 'मेम' वगैरे कितीतरी केली, निर्मिती पण स्वतःची. १९८९ मधे एक जुनं सिनेमा थिएटर घेऊन तिथे स्वतःच्या नावाचं नाट्यगृह काढलं. एका नटीने मोठ्या शहरात स्वतःचं नाट्यगृह चालवायचं म्हणजे काय असतं हे पुण्यात तरी वेगळं सांगायला नको, आपल्याकडे तारखा मिळवता मिळवता निर्माते मेटाकुटीला येतात.

---

जुना_प्रेक्षक

नितीन, तुझं म्हणणं मला समजतं, माझंही तरुणपणी हेच मत होतं. आम्हाला फक्त 'मोठा' सिनेमा दिसायचा. पण जरा त्या काळाकडे बघ. १९५९ ला इथे विजयानंद टॉकीजला 'सांगत्ये ऐका' लागला तो १३१ आठवडे चालला. तो बघायला येणाऱ्यांनी काय दिग्दर्शकाचं नाव वाचून तिकीट काढलं असेल? माझी आई तीन वेळा गेली होती, जयश्री गडकर बघायला. मेक्सिकोत पण लोक पिनाल बघायला जायचे. अभिनयाचे तीन एरिअल तिला मिळालेत, म्हणजे तिकडचा सगळ्यात मानाचा पुरस्कार, आणि तिन्ही पन्नाशीच्या दशकातले, बुन्युएल यायच्या आधीचे! १९५६ ला तिकडचा मोठा चित्रकार दिएगो रिवेराने तिचं पोर्ट्रेट केलं, ते पण आधीच. तेव्हा ती पंचवीस वर्षांची. युरोपातले सिनेमे सुद्धा आधीच, १९५९ ला इटलीत व्हित्तोरिओ दे सिका या नट-दिग्दर्शकाबरोबर काम, १९६० ला स्पेनमधे 'मारिबेल'. त्या गृहस्थांच्या हिशेबात ही सगळी दहा-बारा वर्षं कुठे गेली?

आणि 'सिमोन' नितीनने एका शब्दात उरकला म्हणून सांगतो. फक्त पाऊण तासाचा सिनेमा आहे, पैसे संपले म्हणून तिथेच थांबला, आणि तरी १९६५ ला व्हेनिसच्या महोत्सवात ज्युरीचं खास पारितोषिक घेऊन आला. क्लाउदिओ ब्रूक हा संत, वाळवंटात उंच खांबावर उभा राहून तप करतोय, आणि पिनाल म्हणजे सैतान, दर वेळी वेगळं रूप घेऊन येते. एकदा खलाशाच्या ड्रेसमधली शाळकरी मुलगी, हातात चाक. एकदा कुरळी दाढी लावून मेंढपाळ ख्रिस्ताच्या वेशात, कडेवर कोकरू, आणि डाव फसला की त्याच कोकराला लाथ. मग एक शवपेटी वाळवंटातून आपोआप सरकत येते आणि तिच्यातून ही बाहेर. हे सगळं तिने इतक्या मजेत केलंय की सैतान बाजूला राहून वाटतं, कुणीतरी खट्याळ मावसबहीण सुट्टीला आलीये आणि घरातल्या सोवळ्यातल्या काकांना छळतेय. हे कॉमेडीतल्या नटीलाच जमतं, शाल्मली म्हणते ते शंभर टक्के खरं. गंभीर नटीने केलं असतं तर सैतान दुष्ट झाला असता आणि सिनेमा मेला असता.

'एल आन्हेल' मधे तर एवढी माणसं एका दिवाणखान्यात अडकलीत, दार उघडं आहे, कुणी अडवत नाही, पण पाय बाहेर पडत नाही. दिवस जातात, पाणी संपतं, भिंत फोडून पाइपातलं पाणी पितात. शेवटी उपाय सुचतो तो पिनालला, म्हणजे तिच्या लेतिसिया या पात्राला. तिच्या लक्षात येतं की फिरत फिरत सगळे पुन्हा पहिल्या रात्रीच्या जागांवर येऊन उभे आहेत, मग ती सगळ्यांना तेव्हाचंच बोलायला लावते, पियानो तोच वाजवायला लावते. त्या गर्दीत प्रत्येकजण काहीतरी ओरडतोय आणि ही हळू आवाजात, घाई न करता एकेकाला जागेवर धरून ठेवतेय. कॅमेरा गाब्रिएल फिगेरोआचा. हा सिनेमा टाळेबंदीत मी घरी एकट्याने बघितला, तेव्हा बायको हॉस्पिटलमधे होती आणि आत सोडत नव्हते. त्या वेळी ती बाई त्या खोलीत शांत राहते याचा मला किती आधार वाटला ते लिहिता येणार नाही.

---

नितीन_चिंचवड

काका, 'वाया गेलं' हा शब्द मी मागे घेतो. मालिकेबद्दल मला भूकंपाचं माहीत नव्हतं. राजकारणाबद्दल मात्र माझं मत तेच आहे, पण तो वेगळा विषय.

२८ नोव्हेंबर २०२४ ला त्या गेल्या, ९३ वर्षांच्या होत्या. तेव्हा मी ऑफिसच्या कामासाठी रात्रपाळीला जागा होतो, टीममधले दोघं मेक्सिकोचे, मॉन्तेर्रेचे. त्यातला एक, तिशीचा असेल, कॉलवर म्हणाला की आज आई खूप रडतेय, सिल्विया पिनाल गेली. मी लगेच 'विरिदियाना'चं नाव घेतलं तर त्याने तो बघितलेलाच नव्हता. तो म्हणाला, आमच्याकडे ती टीव्हीवर असायची, आई इस्त्री करत बघायची. दोन दिवसांनी मेक्सिको सिटीतल्या बेयास आर्तेस या कलाभवनात त्यांना मानवंदना दिली, ते पण त्याने मला लाइव्ह लिंक पाठवून दाखवलं. बाहेर माणसांची ही गर्दी, आणि बहुतेक साठीच्या पुढच्या बायका.

---

केतकी_कर्वेनगर

सगळ्यांचे मनापासून आभार. काका, तुमचं शेवटचं वाचून काय बोलावं कळेना. काकू बऱ्या आहेत ना आता?

काल रात्री जेवणं झाल्यावर आईबरोबर 'एल इनोसेन्ते' बघितला. सबटायटल्स धड नव्हती, अर्धं मी अंदाजाने सांगत होते. पेग घेतानाचा सीन आला आणि शाल्मली म्हणाली तस्सं, ती एकदम ताठ होते ना मधेच, तिथे आई इतकी हसली की पाणी प्यायला उठावं लागलं. मग थोड्या वेळाने मला म्हणाली, "ही तीच का गं, गोठ्यातली?" मी हो म्हटलं. तर म्हणाली, "तरीच. हात बघ तिचे." आणि खरंच, पिनाल दारूचा ग्लास उचलताना सुद्धा आधी बोटं पुढे जातात आणि ग्लासाला लागायच्या आधी क्षणभर थांबतात. मी तो तुकडा तीनदा मागे नेऊन बघितला. पाच वर्षांचं अंतर, एक हसवणारा सिनेमा, एक झोप उडवणारा, आणि बोटं तीच.

प्रस्तावना करणाऱ्या त्या गृहस्थांना मी मेल केलाय, नीट, आदराने, तीन एरिअल आणि बारा वर्षं असं सगळं लिहून. ग्रुपवर पण विचारलंय की पुढच्या महिन्यात पिनालचे दोन सिनेमे एकत्र दाखवता येतील का, दुपारी 'एल इनोसेन्ते' आणि चहानंतर 'सिमोन', पाऊण तासाचाच आहे त्यामुळे वेळ जमेल. काका, ठरलं तर आधी दहा मिनिटं तुम्ही बोलाल का? शाल्मली, तुझ्या मॅडमना सबटायटल्सचं विचारशील का, निदान त्या मेकॅनिकच्या सीनपुरती तरी? मराठीत करून देणार असतील तर टायपिंग मी करते.